पाटी परत द्या: आमच्या सोसायटीच्या कमिटीला खुलं पत्र

प्रति,
चेअरमन साहेब, सेक्रेटरी मॅडम, ट्रेझरर काका आणि मॅनेजिंग कमिटीतले बाकीचे सगळे मेंबर,
बी विंग, भांडुप पश्चिम

विषय: दारावरच्या नावाच्या पाट्या आणि लॉबीतला नावांचा बोर्ड काढल्याबाबत

स.न.वि.वि.

आधीच सांगून टाकतो, हे भांडणाचं पत्र नाहीये. मेंटेनन्स वेळेवर भरणारा माणूस आहे मी, पार्किंगवरून आजवर कोणाशी वाद घातला नाही, गणपतीची वर्गणी न मागता देतो, त्यामुळे "आला परत तक्रारवाला" म्हणून बाजूला ठेवू नका. ऑफिसात अर्ज दिला असता तर तुम्ही शिक्का मारून फायलीत घातला असता, म्हणून हे सगळ्यांना वाचता येईल असं लिहितोय.

तर मागच्या महिन्यात तुमची नोटीस आली. सगळ्या मजल्यांवरचे पॅसेज एकसारखे दिसले पाहिजेत, म्हणून दाराबाहेरचे चपलांचे स्टँड, कुंड्या, सायकली, तोरणं आणि नावाच्या पाट्या काढाव्यात, दारावर फक्त सोसायटीने दिलेला स्टीलचा नंबर राहील. लॉबीतला नावांचा बोर्ड पण त्याच आठवड्यात गेला, तिथे आता काळ्या मार्बलवर बिल्डिंगचं नाव आणि त्याच्यामागे पिवळा लाइट. चपलांच्या स्टँडबद्दल माझं काहीच म्हणणं नाही, आग लागली तर त्याच पॅसेजमधून सगळ्यांना पळायचंय, तिथे अडगळ नको हे पटतं. तोरणाचं पण एक वेळ सोडून देऊ (आई सोडणार नाही, ते तुम्ही आणि ती बघून घ्या). पण नावं का काढली? नोटिशीत दोन कारणं आहेत, एक प्रीमियम लुक आणि दुसरं मेंबर्सची प्रायव्हसी.

प्रीमियम लुकवर मी काय बोलणार. ज्याला त्याला आवड असते. प्रायव्हसीबद्दल मात्र बोलायचंय.

माझ्या बेडरूमच्या आणि 1402 च्या हॉलच्या मध्ये एक भिंत आहे. काँक्रीटची आहे, खिळा ठोकायचा तर ड्रिलवाल्याला बोलवावं लागतं, पण आवाजाला तिचा काही अडथळा नाही. पहाटे पाच दहाला तिकडे अलार्म वाजतो, बंद होतो, पाच वीसला परत वाजतो. मग खोकला. मग लोखंडी कढईवर झारा आपटल्याचा आवाज, दोनदा, कायम दोनदाच. रविवारी सकाळी फोनवर मुलीशी बोलणं चालतं, त्यांना कमी ऐकू येत असावं कारण फोन स्पीकरवर असतो आणि ते स्वतः पण मोठ्याने बोलतात. त्यांच्या जावयाची नोकरी गेली ते मला माहितीय. दुसरी लागली ते पण माहितीय. बीपीची गोळी बदलली, नवीन गोळीने पाय सुजतात, हे माहितीय. नाव मात्र एप्रिलपर्यंत माहीत नव्हतं, त्यांच्या दारावर पाटी कधी नव्हतीच आणि लॉबीतला बोर्ड मी कधी नीट वाचला नव्हता.

सात वर्षं झाली आम्हाला इथे येऊन. सात वर्षांत मला त्या माणसाचे पाय सुजतात हे कळलं आणि त्यांना काय म्हणून हाक मारायची ते कळलं नाही, आणि तुम्ही म्हणता प्रायव्हसी जपायला पाटी काढली. अहो बाकी सगळं तर भिंतीतून येतंच आहे, फक्त नाव तेवढं येत नाही!

आता तुम्ही म्हणाल, की मग विचारायचं होतंस, तोंड नाही का तुला. बरोबर आहे. खरं सांगतो, आता सात वर्षांनंतर विचारायची लाज वाटते. पहिल्या महिन्यात विचारलं असतं तर चाललं असतं, दिवाळीला फराळाचं ताट घेऊन गेलो असतो तर चाललं असतं, पण तेव्हा गृहकर्ज, मुलीचं अॅडमिशन, फर्निचरवाला पळून गेलेला, राहून गेलं. नंतर लिफ्टमध्ये भेटले की मान हलवायची एवढीच ओळख पक्की झाली. आणि एकदा मान हलवायचं नातं बसलं ना, की ते तसंच बसतं, त्याच्यावर काही चढवता येत नाही.

त्याहून लाजिरवाणी गोष्ट पण लिहून टाकतो, कारण मला वाटतं ही मी एकटाच करत नाही. ऑफिसला निघताना बूट घालून मी दाराशी उभा राहतो आणि आधी पीपहोलमधून बघतो. समोर कोणी लिफ्टची वाट बघत उभं असेल तर मी थांबतो. लिफ्ट येते, माणूस जातो, मग मी दार उघडतो. कोणाशी दुश्मनी आहे म्हणून नाही, चौदा मजले उतरेपर्यंत काय बोलायचं हेच सुचत नाही म्हणून. हे मी, ज्याचं सगळं बालपण लालबागच्या चाळीत उघड्या दारात गेलं. एकदा पीपहोलमधून बघताना समोरच्या 1403 च्या पीपहोलमधला उजेड मधेच गेला, म्हणजे तिकडून पण कोणीतरी डोळा लावला होता. दोघं आपापल्या दारामागे बूट घालून उभे. त्या दिवशी मला ट्रेन चुकली.

आता आईची गोष्ट सांगतो, खरं तर हे पत्र तिच्यासाठीच आहे.

मागच्या श्रावणात एका दुपारी आई कचऱ्याची पिशवी बाहेर ठेवायला गेली, खिडकी उघडी होती, वाऱ्याने दार आपटलं आणि लॅच लागलं. किल्ली आत, मोबाइल आत, गॅसवर डाळ. बायको कामावर, मुलगी कॉलेजला, मी विक्रोळीला ऑफिसात. आई ब्याऐंशी वर्षांची, गाऊनमध्ये, अनवाणी, हाताला पीठ. मजल्यावर चार दारं. 1404 कायम बंद असतं, मालक बाहेरच्या देशात आहे म्हणतात. 1402 मध्ये टीव्ही चालू होता, तिने स्वतः सांगितलं, मराठी बातम्या चालू होत्या. 1403 मध्ये मुलींच्या बोलण्याचा आवाज येत होता. आणि आई जिन्याच्या पायरीवर जाऊन बसली. वीस-पंचवीस मिनिटं बसली. मग लिफ्टने खाली गेली आणि वॉचमनला सांगितलं, त्याने गेटच्या अॅपवरून मला फोन लावला.

मी रिक्षा, ट्रेन, परत रिक्षा करत पोचलो तोपर्यंत डाळीचा कोळसा झाला होता आणि सगळ्या मजल्यावर धूर. मी लिफ्टमध्ये असतानाच सोसायटीच्या ग्रुपवर मेसेज वाजायला लागले, "चौदाव्या मजल्यावर जळका वास येतोय, सिक्युरिटी प्लीज चेक", मग पंधराव्या मजल्याचा मेसेज, "आमच्याकडे पण येतोय", मग कोणीतरी अंगठा, मग कोणीतरी "गॅस लीक असू शकतो, लाइटची बटणं दाबू नका", मग इलेक्ट्रिशियनचा नंबर कोणीतरी टाकला, का ते त्यालाच माहीत. घरी पोचल्यावर मोजले, तेवीस मेसेज. दार उघडून बाहेर बघितलेलं एकानेही नाही. मी पण दुसऱ्या मजल्याचा असतो तर मेसेजच टाकला असता, हे पण तेवढंच खरं.

रात्री आईला विचारलं, अगं बाजूची बेल का नाही मारलीस, टीव्ही चालू होता म्हणतेस ना. ती बोलली, "बेल मारून काय सांगू? कोण आलंय म्हणून सांगू? मला त्यांचं नाव माहीत नाही, त्यांना माझं माहीत नाही. हाक कशी मारायची रे नाव नसलेल्या माणसाला?"

मी समजावलं की अगं बेल मारायला नाव लागत नाही. तिला ते पटलं नाही. मलाही नंतर पटेनासं झालं. कारण चाळीत तिने कधी कोणाची बेल मारलेलीच नाही, बेल नव्हतीच. गॅलरीत उभं राहून नुसतं नाव घ्यायचं, तेही दाराकडे तोंड करून नाही, हवेतच, आणि कुठून तरी "आले गं" यायचं. तिच्यासाठी शेजारी म्हणजे ज्याला नावाने हाक मारता येते तो. ते नसेल तर पलीकडे नुसती भिंत आणि आतमध्ये टीव्ही.

चाळीचं कौतुक लावलंय असं वाटायला लागलं असेल तर थांबा, मला पण ते चाळीचे गोडवे ऐकून कंटाळा येतो. फेसबुकवर दर आठवड्याला कोणीतरी लिहितं, चाळीत दारं उघडी होती, मनं उघडी होती वगैरे. दारं उघडी होती कारण दहा बाय बाराच्या खोलीत सात माणसं होती आणि दार लावलं तर जीव गुदमरायचा. सकाळी संडासच्या लाइनीत डबा घेऊन उभं राहायचं आणि पुढे कोण, मागे कोण यावरून भांडणं. पाणी पहाटे चारला यायचं, त्याच्यावरून तर डोकी फुटलीत.

18 जानेवारी 1982 ला गिरण्यांचा संप सुरू झाला तेव्हा मी पाच वर्षांचा होतो. अडीच लाख कामगार संपावर, त्यातले एक आमचे बाबा. संप मागे घेतल्याचं अधिकृतपणे कोणी कधी जाहीर केलंच नाही, तो असाच विरत गेला, आणि बाबांची गिरणी परत काही त्यांची झाली नाही. त्या वर्षी समोरच्या खोलीतल्या काकूंनी आम्हाला सहा महिने ज्वारीचं पीठ दिलं. डब्यातून नाही, पदराखाली झाकून आणायच्या, कोणाला दिसू नये म्हणून. आणि त्याच काकूंनी, आईने मंगळसूत्राच्या वाट्या मोडल्या ही बातमी एका दुपारात चारही मजल्यांवर पोचवली. पीठ पण त्यांचंच आणि बातमी पण त्यांचीच. आईने त्यांना दोन्हीसाठी कधी काही बोलून दाखवलं नाही. गेल्या वर्षी त्या वारल्या तेव्हा आई टॅक्सी करून लालबागला गेली आणि दिवसभर तिथे बसली.

माझी बायको गिरगावच्या चाळीतली, तिला विचारा चाळीत परत जाशील का. तिचं लग्न ठरत असताना मजल्यावरच्या प्रत्येक बाईने मुलाच्या पगाराची चौकशी केली होती, म्हणजे माझ्या पगाराची, आणि तिच्या वडिलांना कमी आहे म्हणून सांगितलं होतं. ती म्हणते, मला माझं दार लावता येतं हेच माझं सुख आहे, ते कोणी काढू नका. मला मान्य आहे. दार लावता यावं. दार लावून आत बसलेला कोण आहे एवढंच बाहेर लिहिलेलं असावं, असं माझं म्हणणं.

गंमत म्हणजे चाळीत पाट्या होत्या पण आम्हाला त्या लागायच्याच नाहीत. त्या पोस्टमनसाठी आणि पाहुण्यांसाठी. इथे जिथे खरंच गरज आहे तिथे मार्बल.

जानेवारीत फायरवाल्या एजन्सीने मॉक ड्रिल घेतलं ते आठवतंय ना? वर्षातून दोनदा, जानेवारी आणि जुलैला, फायर सिस्टिमचं सर्टिफिकेट द्यावं लागतं, तेव्हा ते लोक येतात, त्यांनीच सायरन वाजवून सगळ्यांना रिफ्यूज एरियात, म्हणजे आग लागली तर थांबायला ठेवलेल्या मोकळ्या जागेत, जमवलं. रविवार होता, लोक आले, पायजम्यात, शॉर्ट्समध्ये, एक आजोबा दाढीचा साबण तसाच घेऊन. एजन्सीचा मुलगा वही घेऊन हजेरी घेत होता आणि लोक सांगत होते, मी अकराशे चार, मी तेराशे दोन, आम्ही सोळाशे एक. कोणी नाव सांगितलंच नाही, त्याने विचारलं पण नाही. दोन बायका आपसात बोलत होत्या, "तुम्ही बाराशे तीन ना, तुमची मुलगी आमच्या सोळाशे एकच्या बरोबर स्केटिंगला असते." मला आधी हसू आलं आणि मग काहीतरी विचित्रच वाटलं. मग त्या मुलाने विचारलं की तुमच्या मजल्यावर कोणी असं आहे का ज्यांना जिना उतरता येणार नाही. सगळे एकमेकांकडे बघायला लागले. मला 1402 चे सुजलेले पाय माहीत होते. मी बोललो नाही. काय बोलणार, की भिंतीतून ऐकलंय म्हणून?

तीच गोष्ट एप्रिलची. भिंतीपलीकडचा अलार्म वाजायचा बंद झाला. पहिल्या दिवशी वाटलं झोपले असतील. तिसऱ्या दिवशी वाटलं गावी गेले असतील. खोकला नाही, कढई नाही, रविवारचा फोन नाही. आठव्या दिवसापासून मी पाच दहाला आपोआप जागा व्हायला लागलो आणि भिंतीकडे तोंड करून पडून राहायचो. बायको बोलली, जाऊन बेल मार. मी बोललो, आणि कोणी उघडलं नाही तर? ती गप्प. अकराव्या दिवशी मी कुठे गेलो असेन? वॉचमनकडे! आईसारखाच. तो हसत बोलला, "चौदह-दो वाले अंकल ना, वो तो बेटी के पास बंगलोर गये हैं साब, पंद्रह तारीख को आयेंगे, मेरे को बोल के गये." त्याला बोलून गेले. दार माझ्या दाराला लागून आहे आणि निरोप खाली गेटवर. मी त्याला त्यांचं नाव विचारलं, तर आधी जरा संशयाने बघितलं माझ्याकडे आणि मग सांगितलं. ते नाव मी इथे लिहीत नाही. पुढच्या महिन्यात एजन्सी बदलली आणि तो वॉचमन पण गेला. त्याच्याबरोबर सगळ्या बिल्डिंगची माहिती गेली, तुमच्या अॅपमध्ये फक्त नंबर उरले.

परत आल्यावर त्यांना लिफ्टमध्ये भेटलो. नाव माहीत होतं पण घेता येईना, कारण त्यांनी ते मला सांगितलेलं नव्हतं. चोरून मिळवलेल्या वस्तूसारखं वाटत होतं. मी बोललो, "कसं काय?" ते बोलले, "बरं आहे." आणि चौदावा आला.

लोक म्हणतात मुंबईत माणुसकी आहे, 26 जुलै आठवा. आठवतं ना. 2005 ची 26 जुलै, सांताक्रूझला चोवीस तासांत 944 मिलिमीटर पाऊस, मी साकीनाक्याहून चालत निघालो होतो, कुर्ल्यात पाणी छातीला लागलं तेव्हा एका बैठ्या चाळीतल्या माणसाने वरच्या पोटमाळ्यावर ओढून घेतलं. आधी टॉवेल दिला, मग चहा, मग खिचडी. नाव दुसऱ्या दिवशी सकाळी निघताना विचारलं, त्यांनीही आणि मीही. म्हणजे नावाशिवाय माणुसकी चालते, हे माझ्याच विरुद्ध जाणारं उदाहरण आहे, मला कळतंय. पण ती एक रात्र होती. एका रात्रीसाठी मुंबईतला कोणीही कोणासाठी काहीही करतो, त्याबद्दल शंकाच नाही. सात वर्षं रोज काही पूर येत नाही. रोज फक्त लिफ्ट येते.

आणि 2020 पण आठवा. 22 मार्चला संध्याकाळी पाचला थाळ्या वाजवायला सगळे बाल्कनीत आले तेव्हा मी आमच्या मजल्यावरची, समोरच्या विंगमधली माणसं पहिल्यांदा एकत्र बघितली. इतकी माणसं राहतात इथे, असं झालं. एक आजी स्टीलचं ताट आणि डाव घेऊन बाल्कनीच्या कठड्याला टेकून होत्या, त्यांनी आईला हात केला, आईने हात केला. नंतर दोन महिने रोज पाचला आई बाल्कनीत जाऊन बघायची. त्या कधी दिसायच्या, कधी नाही. मग मजले सील व्हायला लागले, तेव्हा ग्रुपवर विंग आणि फ्लॅट नंबर यायचे, अमुक पॉझिटिव्ह, अमुक हॉस्पिटलमध्ये. त्या आजींचा फ्लॅट नंबर आम्हाला माहीत नव्हता. त्यामुळे त्या यादीत त्या होत्या की नव्हत्या ते आम्हाला आजपर्यंत कळलेलं नाही. नंतर त्या बाल्कनीत दुसरेच कपडे वाळत घातलेले दिसायला लागले.

हे सगळं लिहून झाल्यावर मी पत्र पाठवणारच होतो, पण परवा एक गोष्ट घडली, ती लपवली तर खोटेपणा होईल. 1403 मध्ये तीन मुली भाड्याने राहतात, त्यातली एक लिफ्टमध्ये भेटली, मी मुद्दाम पीपहोलमधून न बघता बाहेर पडलो होतो. मी बोललो, तुमच्या दारावर पण पाटी नव्हती ना कधी. ती बोलली, "नाही अंकल, आणि नकोच. इथे यायच्या आधी तीन घरं पक्की झाली होती, तिन्ही आडनाव कळल्यावर गेली. एकाने सरळ विचारलं, काय खाता. इथे ब्रोकरने सांगितलं होतं, बाहेर नाव लावू नका. नंबरच बरा आहे आम्हाला." मला काही बोलता आलं नाही. तळमजला आला तेव्हा तिने "बाय अंकल" म्हटलं आणि थोडं थांबून स्वतःचं नाव सांगितलं. फक्त नाव, आडनाव नाही.

म्हणजे मी ज्याला ओळख म्हणतोय ती काही लोकांसाठी चाळणी असते. हे मला माहीत नव्हतं असं नाही. आमच्या चाळीत पण पाहुणा आला की पाण्याच्या आधी आडनाव आणि गाव विचारणारे होते, आमचे एक काका त्यात पहिले. गिरणगावात गावकीच्या खोल्याच असायच्या, एका गावची माणसं एका खोलीत, त्यातून आधार पण मिळायचा आणि बाहेरच्याला दार पण बंद व्हायचं. तेव्हा पाटी लावायची सक्ती करा असं मी म्हणत नाही. सगळ्यांनी लावलीच पाहिजे म्हणालो तर त्या मुलींची मी चौथी अडचण होईन.

माझं मागणं एवढंच आहे की ज्याला लावायची आहे त्याला लावू द्या. नाव, टोपणनाव, नुसतं "आजीचं घर", जे त्याला लिहायचंय ते. साइज ठरवून द्या हवं तर, सगळ्या पाट्या एका उंचीवर लावा, फोटो चांगला येईल. लॉबीतला बोर्ड परत लावा, ज्याला नाव नको त्याची जागा कोरी ठेवा. कायद्याने बघितलं तर मेंबर्सची नावं काही गुपित नाहीत, महाराष्ट्र सहकारी संस्था कायदा, 1960, त्याच्याप्रमाणे सभासदांचं रजिस्टर कोणताही सभासद सोसायटीच्या ऑफिसात येऊन फुकट बघू शकतो. पण शेजाऱ्याचं नाव काय म्हणून मी अर्ज करून रजिस्टर मागायचं का? तेही करीन म्हणा, वेळ आली तर. आणि मजल्यावर एकटे राहणारे, आजारी, जिना न उतरू शकणारे कोण आहेत ते त्यांना विचारून, त्यांची परवानगी घेऊन एका कागदावर लिहून ठेवा, आणि तो कागद बदलत्या वॉचमनच्या डोक्यात न ठेवता ऑफिसात ठेवा. 30 सप्टेंबरच्या आत एजीएम, म्हणजे वार्षिक सभा, घ्यायचीच आहे तुम्हाला, त्यात हा विषय घ्या. दरवेळी तीन तास पार्किंगवर जातात, दहा मिनिटं नावांवर जाऊ देत.

मी माझ्याकडून एक केलं. काल संध्याकाळी आईने मोदक केले होते, मी डबा घेऊन 1402 ची बेल मारली. आतून टीव्हीचा आवाज कमी झाला. पीपहोलमधला उजेड गेला. बराच वेळ काहीच नाही. मला सगळं माहीत होतं आत काय चाललंय, मी स्वतः तिथे असाच उभा असतो. मग मी मोठ्याने माझं नाव सांगितलं, दाराकडे बघून. आणि आईचं पण सांगितलं. साखळी काढल्याचा आवाज आला. पुढचं आमच्या दोघांचं आहे, ते पत्रात नको.

आता शेवटचं आणि मुख्य काम. सोमवारी मी घरी नसताना हाउसकीपिंगची मुलं ड्रिल घेऊन आली आणि आमची पाटी काढून घेऊन गेली, आई नको नको म्हणत होती. पितळी पाटी आहे, बाबा गिरणीत पर्मनंट झाले तेव्हा 1979 ला परळला करून घेतलेली. त्याच्यावर बाबांचं नाव आहे आणि खाली "खोली नं. 37" असं लिहिलंय. कुरियरवाले गोंधळतात म्हणून मी ते घासून काढूया म्हणालो होतो, आईने काढू दिलं नाही. पाटी ऑफिसच्या कपाटात असेल तर कृपया खाली गेटवर देऊन ठेवा, मी सोमवारी येताना घेईन. तिचे चार स्क्रू होते, ते पण पितळीच, त्यातल्या एकाची खाच घासलेली आहे. तो फेकू नका, तो बाबांनी स्वतः बसवताना घासला होता.

आपला,
1401, बी विंग
नाव पाटीवर आहे, पाटी तुमच्याकडे आहे.